दोनदा राजधानीपण गमावलेले शहर

जवाहरनगरसारख्या वसाहतीत राहणाऱ्या मनुष्याला प्राचीनतेचा अभिमान मिरविण्याची सोय नसते. १९६४ साली स्थापन झालेली आयुध निर्माणी, तिच्यासाठी आखलेले सरळ रस्ते, एका साच्यातून काढल्यासारखे क्वार्टर्स, पहाऱ्याची फाटके आणि ज्यांच्या नावाने ही वसाहत ओळखली जाते त्या पंतप्रधानांची स्मृती, एवढीच आमची ऐतिहासिक सामग्री. त्यामुळे इतिहास पाहावयाचा तर आम्हांस एकतर दक्षिणेकडे वैनगंगेच्या काठी पवनीला जावे लागते, नाहीतर महामार्गाने पश्चिमेस सुमारे ५० किलोमीटरवरचे नागपूर गाठावे लागते. वयाच्या हिशेबाने पाहिले तर नागपूर हे पवनीपुढे अगदीच अर्वाचीन ठरते. पवनीचे स्तूप इसवी सनाच्या पूर्वीचे, तर नागपूरची स्थापना १७०२ च्या आसपासची. तरीही, राज्ये बदलली म्हणजे दगडांचे अर्थ कसे बदलतात हे ज्याला पाहावयाचे असेल त्याने नागपूरच पाहावे असे माझे मत आहे. कारण पवनीचे वैभव मातीखाली गेले आणि विद्वानांना ते कुदळीने वर काढावे लागले, नागपूरचे मात्र प्रत्येक नव्या सत्तेने जुन्याच्या शेजारी, जुन्याच्या अंगणात, क्वचित जुन्याच वेशीवर नवे नाव चढवून, सर्वांच्या डोळ्यांदेखत मांडून ठेवले आहे. हे शहर दोनदा राजधानीपणाला मुकले: १८५४ साली राजाची राजधानी म्हणून, आणि १९५६ साली प्रांताची राजधानी म्हणून. ज्याची सत्ता गेली त्याच्या इमारती तेवढ्या उरल्या, आणि त्या इमारतींचे पुढे काय करावयाचे हा प्रश्न या शहराला दोनदा सोडवावा लागला.

अमेरिकेतील बोस्टन हे तिकडच्या मानाने फार पुराणे शहर. १६३० साली वसलेले, म्हणजे नागपूरहून जेमतेम सत्तर वर्षांनी वडील. तेथे १९५१ साली विल्यम स्कोफील्ड नावाच्या वृत्तपत्रकाराने अशी सूचना मांडली की गावभर विखुरलेली स्वातंत्र्ययुद्धाची स्थळे एका वाटेने जोडून द्यावी, म्हणजे परक्या मनुष्याला ती हुडकीत फिरावे लागणार नाही; आणि आज तेथे पदपथावर लाल रेघ आखलेली असून अडीच मैलांच्या त्या वाटेवर सोळा स्थळे क्रमाने पाहता येतात. नागपुरात अशी रेघ कोणी आखली नाही, आणि आखावयाची म्हटली तरी ती सरळ जाणार नाही. गोंडांच्या वेशीपासून निघालेली वाट भोसल्यांच्या वाड्यात शिरेल, तेथून इंग्रजांच्या टेकडीवर चढेल, सिव्हिल लाइन्सच्या सावलीतून विधानभवनापर्यंत येईल आणि अखेरीस दक्षिणेकडे वळून एका अशा स्थानाशी पोहोचेल की जेथे यांपैकी कोणत्याच सत्तेचे बांधकाम नाही.

देवगडचा गोंड राजा बख्त बुलंद शाह याने नाग नदीच्या काठच्या बारा लहानशा वाड्या एकत्र करून हे गाव वसविले, आणि त्याचा पुत्र चाँद सुलतान याने देवगडच्या डोंगरातून आपली गादी येथे हलवून गावाभोवती तट बांधला, वेशी उभारल्या आणि तटाच्या पश्चिमेस जुम्मा तलाव बांधविला. तटाचा आज मागमूस नाही. भुतिया दरवाजासारखी नावे मोहल्ल्यांना चिकटून राहिली आहेत. पण महाल या जुन्या वस्तीत शिरण्याच्या मुखाशी एक वेस अजून उभी आहे. तिचे जुने नाव जुम्मा दरवाजा. आज तिला सारे नागपूर गांधी गेट म्हणून ओळखते, तलावाचे नाव गांधीसागर झाले आहे, आणि वेशीजवळ शिवाजीमहाराजांचा पुतळा आहे. गोंड राजाने बांधलेली वेस, तिला महात्म्याचे नाव, आणि समोर छत्रपती, ही संगती परदेशी प्रवाशाला गोंधळात टाकील, पण तिच्यात नागपूरकराला काहीही विसंगत वाटत नाही. या वेशीचा आणखी एक वृत्तान्त तेथे कोणी सांगत नाही आणि तो सांगण्याजोगा आहे. सीताबर्डीची लढाई, जिची हकीकत पुढे येईलच, आणि तिच्यामागोमाग १६ डिसेंबर १८१७ ची नागपूरची लढाई जिंकल्यानंतर इंग्रजांचे सैन्य शहराच्या तटाशी येऊन भिडले, तेव्हा आत भोसल्यांच्या चाकरीतले अरब शिपाई ठाण मांडून बसले होते. २४ डिसेंबरला जनरल डव्हटन याने याच जुम्मा दरवाजावर हल्ला चढविला आणि तो साफ फसला. अखेर लढून नव्हे, बोलाचाली करून, सन्मानाने बाहेर पडण्याची मुभा देऊन, ३० डिसेंबरला त्या अरबांना शहराबाहेर काढावे लागले. तोफांना न जुमानलेल्या दरवाजाला पुढे अहिंसेच्या पुरस्कर्त्याचे नाव मिळाले. ज्यांनी ते दिले त्यांना हा वृत्तान्त ठाऊक होता की नाही कोण जाणे.

चाँद सुलतानाच्या मृत्यूनंतर वारसाचा तंटा पेटला आणि त्याच्या राणीने वऱ्हाडातून रघूजी भोसल्यांना मदतीस बोलाविले, ही कथा प्रसिद्ध आहे. मदतीस आलेला मनुष्य राहावयास आला. मात्र रघूजींनी गोंड राजाला पदच्युत केले नाही. त्याचा मान, तनखा आणि किल्ला त्याच्याकडे ठेवून कारभार आपल्या हाती घेतला. पुढे इंग्रजांनी भोसल्यांशी जे केले ते पाहता रघूजींची ही रीत पुष्कळच सभ्य म्हणावी लागते. भोसल्यांचा काळ्या दगडांचा भव्य वाडा महालात उभा राहिला आणि त्याच्याभोवती चिटणीस आदी मानकऱ्यांचे वाडे उठले. तो राजवाडा १८६४ साली आगीत भस्मसात झाला आणि नगारखान्याची इमारत तेवढी मागे राहिली. ज्या राज्याच्या फौजा ओरिसा-बंगालपर्यंत चौथाई वसूल करीत गेल्या, त्या राज्याच्या मुख्य वाड्याची खूण म्हणून नौबत वाजविण्याची जागा शिल्लक राहावी हा योगायोगच म्हटला पाहिजे.

महालातून पश्चिमेकडे निघाले की सीताबर्डीची जोडटेकडी समोर येते. मोठी टेकडी आणि छोटी टेकडी अशी तिची दोन शिखरे, एका अरुंद खिंडीसारख्या उतरणीने जोडलेली. पायथ्याशी, रेल्वे स्टेशनच्या बाजूस, टेकडी गणपतीचे देऊळ, ज्याला विदर्भाच्या अष्टविनायकांत स्थान आहे. येथे पूर्वी किल्ला नव्हता. आज जो सीताबर्डीचा किल्ला म्हणून दाखविला जातो तो लढाईनंतर बांधलेला आहे, आणि ही गोष्ट न कळल्यामुळे पुष्कळांची अशी समजूत होते की भोसल्यांचा किल्ला इंग्रजांनी जिंकला. वस्तुस्थिती उलटी होती: टेकडीवर इंग्रज होते आणि ती सर करू पाहणारे भोसले होते.

हे कसे घडले ते थोडे तपशिलाने सांगितले पाहिजे. दुसरे रघूजी १८१६ साली वारले. पुत्र परसोजी शरीराने आणि बुद्धीने दुर्बल. त्यामुळे पुतण्या मुधोजी, म्हणजेच आप्पासाहेब, कारभारी झाला आणि आपले आसन स्थिर करण्यासाठी त्याने त्याच वर्षीच्या मे महिन्यात इंग्रजांशी तैनाती फौजेचा तह केला. पुढील वर्षारंभी परसोजी अंथरुणात मृत आढळला आणि आप्पासाहेब राजा झाला. गादी मिळाल्यावर तह गळ्यातील फास वाटू लागला यात नवल नाही. नोव्हेंबर १८१७ मध्ये पुण्यास बाजीरावाने इंग्रजांशी युद्ध मांडले, खडकीस पराभव झाला, आणि तरीही आप्पासाहेबाने २४ नोव्हेंबरला भर दरबारात पेशव्यांकडून आलेली खिलत आणि जरीपटका समारंभाने स्वीकारला. रेसिडेंट रिचर्ड जेंकिन्स यास यापुढे काही समजून घेण्यासारखे उरले नाही. त्याने लेफ्टनंट कर्नल स्कॉट याच्या हाताखालील, दीड हजाराच्या आतली, मुख्यत्वे मद्रासी पायदळाची पलटणे सीताबर्डीच्या टेकडीवर चढविली. समोर भोसल्यांचे अठरा हजारांच्या आसपास सैन्य, त्यांत तीनचार हजार अरब. २६ नोव्हेंबरच्या संध्याकाळी गोळीबार सुरू झाला आणि रात्रभर चालला. दुसऱ्या दिवशी सकाळी छोट्या टेकडीवर दारूची एक गाडी उडाली, त्या गोंधळात अरबांनी ती टेकडी हस्तगत केली, आणि तेथून मोठ्या टेकडीवर तोफा डागल्या जाऊ लागल्या तेव्हा इंग्रजांची स्थिती अगदी हातघाईवर आली. अशा वेळी कॅप्टन फिट्झजेराल्ड याने बंगाल घोडदळाच्या तीन तुकड्या घेऊन, वरिष्ठांच्या मनात नसताना, मैदानातील भोसल्यांच्या घोडदळावर धाव घेतली. त्याच सुमारास अरबांच्याही गोटात दारूचा स्फोट झाला. आणि दुपारपर्यंत लढाईचे पारडे फिरले. इंग्रजांकडील मृत आणि जखमी यांची संख्या ३६७ भरली, म्हणजे उभ्या फौजेतला प्रत्येक चौथा मनुष्य. लढाई किती निकरावर आली होती हे समजण्यास एवढा आकडा पुरे.

आप्पासाहेबाची पुढील कथा एखाद्या कादंबरीस शोभेल अशी आहे: शरणागती, पुन्हा गादी, पुन्हा अटक, प्रयागकडे नेत असता पहाऱ्यातून पलायन, महादेवाच्या डोंगरांतील गोंडांचा आश्रय, आणि शेवटी जोधपुरास १८४० साली मृत्यू. आपला विषय मात्र टेकडी आहे. इंग्रजांनी तिच्यावर तट आणि बुरूज चढविले, तोफा शहराच्या दिशेस रोखल्या, आणि पाचव्या जॉर्ज राजाने भारतभेटीत याच तटावरून प्रजेस दर्शन दिले. किल्ला आजही लष्कराच्या ताब्यात असून सर्वसामान्यांस वर्षातून थोडेच दिवस, २६ जानेवारी, १ मे आणि १५ ऑगस्ट अशा राष्ट्रीय व राज्य दिनांस, उघडा करण्याची प्रथा आहे. त्या दिवशी खेड्यापाड्यांतून आलेली माणसे ज्या कोठडीपुढे गर्दी करतात तिच्याविषयी सांगितले जाते, आणि पुष्कळ ठिकाणी छापलेलेही आढळते, की १९२३ च्या एप्रिल-मे महिन्यांत महात्मा गांधींस येथे बंदिवान ठेवले होते. ही गोष्ट खरी असू शकत नाही. मार्च १९२२ मध्ये शिक्षा झाल्यापासून फेब्रुवारी १९२४ मध्ये सुटका होईपर्यंत गांधीजी सरकारच्याच कैदेत होते, आणि ते पुण्यास, येरवड्याच्या तुरुंगात. तरीसुद्धा या आख्यायिकेच्या मुळाशी काहीच नाही असे मी म्हणणार नाही. कारण त्याच १९२३ च्या उन्हाळ्यात या टेकडीच्या पायथ्याशी खरोखरच एक मोठा लढा सुरू झाला होता, शेकडो माणसे पकडली जात होती, आणि लोकस्मृतीने तो सारा प्रसंग एका नावाभोवती गोळा केला असावा. त्याकडे आपण येऊच.

आप्पासाहेबानंतर गादीवर आलेले तिसरे रघूजी ११ डिसेंबर १८५३ रोजी निपुत्रिक वारले. राणीवशात दत्तक घेण्याची तयारी चालू असताना लॉर्ड डलहौसीने राज्य खालसा केले. वृद्ध राणी बाकाबाईंच्या अर्ज-विनंत्या कलकत्त्याच्या दफ्तरात जिरल्या. हत्ती, घोडे, बैल सीताबर्डीवर लिलावात निघाले आणि जडजवाहीर कलकत्त्यास विक्रीला गेले. इंग्रज इतिहासकार के यानेसुद्धा या प्रकरणाबद्दल शरम व्यक्त करावी इतके ते ओंगळ होते. पुढे १८६१ मध्ये मध्यप्रांत निर्माण होऊन नागपूर त्याचे मुख्य ठिकाण झाले, आणि चीफ कमिशनर सर रिचर्ड टेंपल याच्या कारकीर्दीत १८६३ साली सरकारी संग्रहालय स्थापन झाले. लोकांनी त्याला अजब बंगला म्हटले, आणि ते नाव सरकारी नावापेक्षा टिकाऊ ठरले. त्याच साली स्टीफन हिस्लॉप हा स्कॉटिश मिशनरी टाकळघाटकडील प्राचीन शिलावर्तुळे पाहून परतताना बोरीजवळ नदीच्या पुरात बुडाला. गोंडांच्या भाषा, कथा आणि रीतिरिवाजांसंबंधीची त्याची टिपणे टेंपलने १८६६ मध्ये छापून काढली. ज्यांचे राज्य गेले त्या गोंडांचा इतिहास अशा रीतीने एका मिशनऱ्याच्या कागदांत आणि एका अधिकाऱ्याच्या छापखान्यात काही अंशी वाचला.

टेकडीच्या उत्तरेस, रहदारीच्या गजबजाटात, चार घोड्यांचे चित्रपटातील देखाव्यासारखे शिल्प आणि एक वालुकाश्माचा खांब अशी एक रचना आहे. तिला झिरो माइल म्हणतात. हा भारताचा मध्यबिंदू होय, असे शाळेतल्या पोरापासून रिक्षावाल्यापर्यंत सर्वजण सांगतात. भूमीच्या सरहद्दी बदलल्या की मध्यबिंदू सरकतो हे लक्षात घेतले तर १९४७ पूर्वीचा दगड आजच्या देशाचा मध्य कसा दाखवील, ही शंका कोणासही सुचावी. त्या दगडाचे खरे महत्त्व निराळे आहे आणि माझ्या मते ते अधिक मोठे आहे. १९०७ साली बसविलेली ही भारतीय त्रिकोणमितीय सर्वेक्षणाची तलचिन्हाची खूण आहे. एखाद्या गावाची उंची समुद्रसपाटीपासून इतकी, असे आपण सहज म्हणतो. पण नागपूरसारख्या, समुद्रापासून शेकडो मैल दूर असलेल्या ठिकाणी समुद्राची सपाटी आणावयाची कशी? त्यासाठी सर्वेक्षण खात्याने कराची, मुंबई, कारवार, मद्रास, विशाखापट्टण इत्यादी नऊ बंदरांत भरती-ओहोटीच्या वर्षानुवर्षांच्या नोंदी ठेवून समुद्राची सरासरी पातळी निश्चित केली, आणि तेथून आतल्या मुलखात, रस्त्यांच्या कडेकडेने, मोजणीची रेघ आणली. दोन माणसे आकडे रंगविलेल्या उभ्या पट्ट्या धरून थोड्या अंतरावर उभी राहतात, मध्ये तिवईवर दुर्बीण. बुडबुड्याने ती क्षितिजसमांतर झाली की आधी मागच्या आणि मग पुढच्या पट्टीवरचा आकडा वाचावयाचा, दोहोंतील वजाबाकी म्हणजे तेवढ्या टप्प्यातला चढ किंवा उतार. मग सारा सरंजाम उचलून पुढे. असे लाखो टप्पे. १८५८ पासून चाललेल्या या कामाचे गणित १९०९ मध्ये एकत्र जुळविले गेले. मोजणीतील लहान चुका साचत जाऊ नयेत म्हणून जागोजाग न हलणारे पक्के दगड बसवावे लागतात, आणि नागपूरचा दगड हा त्यांपैकी एक अव्वल दर्जाचा. त्याच्याशी निगडित उंची १०२०.१७१ फूट अशी नोंदलेली आहे. फुटाचा हजारावा भाग! लगानाची बाकी इतक्या बारकाईने कोणत्याही पाटलाने मोजली नसेल.

खांबावर आठ ठिकाणांची मैलांतील अंतरे कोरलेली आहेत: कवठा, हैदराबाद, चांदा, रायपूर, जबलपूर, शिवनी, छिंदवाडा, बैतूल. रायपूर १७४ मैल. त्या रायपूरच्या वाटेवर भंडारा पडतो, जवाहरनगरही पडते, पण भंडाऱ्याचे नाव खांबावर नाही. आम्ही भंडारेकर वाटेत लागतो, मुक्कामाला नाही. याचा राग मानण्यात अर्थ नाही, परंतु ही गोष्ट मी प्रत्येक पाहुण्याला आवर्जून दाखवितो.

झिरो माइलच्या भोवतीचा परिसर म्हणजेच सिव्हिल लाइन्सचे दार. शहर पूर्वेस, साहेबांचे बंगले पश्चिमेस, आणि मध्ये सीताबर्डी. कामठीचे धनाढ्य सावकार सर कस्तुरचंद डागा यांच्या नावाचे विस्तीर्ण मैदान आणि त्यातील घुमटीवजा मंडप येथून जवळच आहे. १९१८ च्या पुढे आजतागायत ज्या सभा या मैदानावर झाल्या त्यांचा इतिहास लिहिला तर तो विदर्भाच्या राजकारणाचाच इतिहास होईल. १९२३ च्या मे महिन्याच्या पहिल्या दिवसापासून, हातात तिरंगी चरख्याचा झेंडा घेऊन या सिव्हिल लाइन्समध्ये शिरावयाचे आणि पोलिसांनी पकडले की निमूटपणे तुरुंगात जावयाचे, असा क्रम सुरू झाला. गुन्हा काय, तर एका रस्त्यावरून झेंडा नेणे. जमनालाल बजाज पकडले गेले, वल्लभभाई पटेलांनी सूत्रे हाती घेतली, देशभरातून स्वयंसेवक येत राहिले, पंधराशेंहून अधिक माणसे तुरुंगात गेली, आणि १८ ऑगस्टला मिरवणूक झेंडा घेऊन त्याच रस्त्याने निर्वेधपणे पार झाली. आज त्या रस्त्याने जाणाऱ्यास या घटनेची जाणीव करून देणारे ठसठशीत असे काही मला दिसलेले नाही. ज्या सत्याग्रहाने रस्ता जिंकला त्याला रस्त्यावर जागा मिळू नये, ही गोष्ट नागपूरच्या लोकांनी मनावर घ्यावयास हवी होती.

त्याच सिव्हिल लाइन्समध्ये उच्च न्यायालयाची वास्तू आहे. १९३६ साली नागपुरास स्वतंत्र उच्च न्यायालय मिळाले. ९ जानेवारी १९३७ रोजी गव्हर्नर सर हाइड गोवन यांनी कोनशिला बसविली. ६ जानेवारी १९४० रोजी व्हाइसरॉय लॉर्ड लिनलिथगो यांनी उद्घाटन केले. नवी दिल्लीतील दोन प्रसिद्ध चर्चे बांधणारा हेन्री मेड हा तिचा शिल्पी. एका प्रांताच्या नव्या राजधानीचा डौल तिच्या घुमटात आणि लांबरुंद दालनांत उमटलेला आहे. आणि अवघ्या सोळा वर्षांत ती राजधानी गेली. नागपूर करार २८ सप्टेंबर १९५३ चा, राज्यपुनर्रचना १ नोव्हेंबर १९५६ ची. विदर्भ द्विभाषिक मुंबई राज्यात गेला, नागपूर राजधानी उरले नाही, उच्च न्यायालयाचे खंडपीठ झाले, आणि विधानसभेची इमारत वर्षातील काही आठवड्यांच्या हिवाळी अधिवेशनापुरती जागी होऊ लागली. डिसेंबरात मुंबईहून फायलींचे गठ्ठे आणि अधिकाऱ्यांचे तांडे येतात, आमदार निवासाच्या खिडक्यांत दिवे लागतात, संत्र्यांचे भाव वाढतात. पंधरवड्याने सारे पुन्हा शांत. करारात विदर्भास जे द्यावयाचे ठरले होते त्याचा हिशेब अजून चालू आहे, पण तो या लेखाचा विषय नव्हे.

या अधिवेशनाने नागपुरास आणखी एक गोष्ट दिली, ती म्हणजे मोर्चा. वर्षातून एकदा सरकार हाताच्या अंतरावर येते, म्हणून गडचिरोलीपासून बुलढाण्यापर्यंतची गाऱ्हाणी त्या दिवसांत विधानभवनाकडे चालू लागतात. २३ नोव्हेंबर १९९४ रोजी गोवारी समाजाचा मोर्चा आला. गोवारी म्हणजे पूर्व विदर्भातील गुरे राखणारा समाज, आमच्या भंडाऱ्याकडेही त्यांची पुष्कळ वस्ती. मागणी अनुसूचित जमातीच्या सवलतींची. बायका, मुले, म्हातारीकोतारी धरून हजारो माणसे मॉरिस कॉलेजजवळच्या नाक्यावर अडविलेली. भेटावयास कोणी मंत्री आला नाही. संध्याकाळी पोलिसांनी लाठ्या चालविल्या, चेंगराचेंगरी झाली आणि ११४ माणसे मेली. आदिवासी विकासमंत्री मधुकर पिचड यांनी राजीनामा दिला. झिरो माइलपासून जवळच या हुतात्म्यांचे स्मारक उभे आहे, सीताबर्डीवरच्या उड्डाणपुलाला त्यांचे नाव आहे, आणि दर वर्षी २३ नोव्हेंबरला खेड्यांतून माणसे तेथे येऊन फुले वाहतात.

बोस्टनमध्ये जुन्या राजभवनासमोर, सन १७१३ च्या त्या विटांच्या इमारतीपुढे, जमिनीत गोल दगडी खूण केलेली आहे. ५ मार्च १७७० रोजी इंग्रज शिपायांच्या गोळीबारात तेथे पाच माणसे मेली, आणि अमेरिकन स्वातंत्र्याच्या प्रत्येक पाठ्यपुस्तकात त्या पाचांना स्थान आहे. १८ जुलै १७७६ रोजी त्याच इमारतीच्या सज्जातून स्वातंत्र्याचा जाहीरनामा वाचला गेला तेव्हा लोकांनी छपरावरचे राजचिन्हाचे सिंह आणि शृंगाश्व खाली ओढून जाळून टाकले. शंभरएक वर्षांनी, राग निवल्यावर, त्यांच्या प्रतिकृती पुन्हा वर बसविल्या. आपल्याकडे चिन्हे जाळण्याची वेळ फारशी आली नाही. आपण नाव बदलतो आणि वापर चालू ठेवतो. परंतु आपल्याच निवडलेल्या सरकारच्या दाराशी मेलेल्या ११४ माणसांना कोणत्या पाठ्यपुस्तकात जागा द्यावयाची, हे मात्र आपण अजून ठरविलेले नाही. ऑगस्ट २०१८ मध्ये नागपूर खंडपीठाने गोवारींचा अनुसूचित जमातीचा दावा मान्य केला. डिसेंबर २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय रद्द केला. म्हणजे स्मारक आहे, मागणी जागच्या जागी आहे. असे स्मारक केवळ गतकाळाचे म्हणता येत नाही.

१९५६ च्या शरद ऋतूचा उल्लेख वर आलाच आहे. १ नोव्हेंबरला नागपूरचे राजधानीपण संपले; त्याच्या अठरा दिवस आधी, १४ ऑक्टोबरला, अशोक विजयादशमीच्या दिवशी, शहराच्या दक्षिणेकडील एका मोकळ्या मैदानावर डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी बौद्ध धम्माची दीक्षा घेतली आणि समोर जमलेल्या लाखोंना दिली. त्या पंधरवड्यात सचिवालयातील फायली बांधणाऱ्या कारकुनास या दोन घटनांपैकी मोठी कोणती असे विचारले असते तर त्याने कोणते उत्तर दिले असते याबद्दल मला शंका नाही. आणि ते उत्तर चुकले असते. आज परप्रांतीय मनुष्याला नागपूर ज्या एका स्थानामुळे ठाऊक आहे ते स्थान राजाने, रेसिडेंटाने किंवा मंत्रिमंडळाने निर्माण केलेले नाही.

दीक्षाभूमीचा स्तूप शिव दान मल या वास्तुकाराच्या आराखड्याप्रमाणे बांधला गेला आणि १८ डिसेंबर २००१ रोजी राष्ट्रपती के. आर. नारायणन यांच्या हस्ते त्याचे उद्घाटन झाले. त्याच्या घुमटाचा व्यास १२० फूट. सांचीच्या मोठ्या स्तूपाचाही व्यास जवळजवळ तेवढाच, ३६.६ मीटर; आणि आमच्या पवनीच्या जगन्नाथ टेकडीवर १९६९-७० मध्ये शां. भा. देव आणि जगत्पती जोशी यांनी नागपूर विद्यापीठ व पुरातत्त्व खात्याच्या वतीने जो स्तूप उघडा केला त्याचा व्यास ३८.२ मीटर, तर शेजारच्या चांदकापूरच्या टेकडीवरील स्तूपाचा ४१.६ मीटर. म्हणजे दोन सव्वादोन हजार वर्षांपूर्वी वैनगंगेच्या काठी विटा रचणाऱ्यांचे माप सांचीपेक्षा आणि दीक्षाभूमीपेक्षा थोडे मोठेच होते, आणि हे भंडारा जिल्ह्यातील लोकांना सहसा कोणी सांगत नाही.

मापे जुळली तरी रचना अगदी भिन्न आहे. प्राचीन स्तूप भरीव असतो. मध्यभागी अस्थी अथवा अवशेषांचा करंडक ठेवावयाचा, त्याच्यावर माती आणि विटांचा अर्धगोल, म्हणजे अंड, चढवावयाचा, भोवती दगडी कठडा, म्हणजे वेदिका, आणि कठडा व अंड यांच्यामधला प्रदक्षिणापथ. भाविकाने आत जावयाचे नाही, भोवती फिरावयाचे. पवनीच्या वेदिकेच्या अवशेषांत फणा उभारलेल्या मुचलिंद नागाचे शिल्प मिळाले. वादळात बुद्धावर छत्र धरणारा हा नाग तेथे रिकाम्या आसनावर फणा धरून आहे, कारण त्या काळी बुद्धाची मूर्ती घडवीत नसत. दीक्षाभूमीचा घुमट मात्र पोकळ आहे. त्याच्या खाली प्रशस्त सभागृह आहे, तेथे बाबासाहेबांचा अस्थिकलश आहे, आणि लोक आत जातात. ज्या समाजाला शतकानुशतके देवळांच्या आत पाऊल टाकू दिले नाही त्याच्या स्तूपाला आत जागा असावी, हा वास्तुशास्त्रीय फरक मला मोठा अर्थपूर्ण वाटतो, मग तो योजणाऱ्याच्या मनात हाच हेतू असो वा नसो.

या स्थानाचे मालक कोण, हा प्रश्न अगदी अलीकडे पुन्हा उपस्थित झाला. सुशोभीकरणाच्या योजनेत स्तूपाच्या आवारात जमिनीखाली वाहनतळ खोदण्याचे काम चालू होते. त्याने स्तूपाच्या पायास धोका पोहोचेल असे अनुयायांचे म्हणणे पडले. आणि १ जुलै २०२४ रोजी हजारोंच्या जमावाने आवारात शिरून बांधकामाचे साहित्य पेटवून दिले. त्याच दिवशी सरकारने कामाला स्थगिती दिली, आणि खोदलेले खड्डे पुढे बुजवावे लागले. वाहनतळाची अडचण खरी आहे. विजयादशमीला येणाऱ्या लाखो माणसांची वाहने कोठे उभी करावयाची हे कोणीतरी ठरविलेच पाहिजे, आणि जाळपोळीने ते ठरणार नाही. पण आराखडा काढणाऱ्यांनी आधी त्या लोकांना विचारले असते तर खोदण्याचा आणि बुजविण्याचा असा दुहेरी खर्च वाचला असता. भंडाऱ्याहून विजयादशमीस निघणारी माणसे अजूनही रात्रीच एस.टी.ने किंवा टेम्पोने येतात, गाडी जेथे जागा मिळेल तेथे सोडतात, आणि उरलेला रस्ता चालत जातात.